मजुरांच्या निवाऱ्याचा हक्क : अर्ज नेमका कुणावर करायचा?

ताई, इतर वाचणाऱ्यांसाठी तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडतो. जळगावात एमआयडीसीच्या बाजूला एका बांधकामावर मध्य प्रदेशातल्या बडवानीकडची पावरा-बारेला आदिवासी कुटुंबं कामाला आहेत. बांधकामालगतच्या मोकळ्या भूखंडावर ताडपत्र्या टाकून राहतात. महापालिकेची माणसं आली आणि 'परवापर्यंत उचला' असं तोंडी सांगून गेली. ठेकेदार म्हणतो, मी मजुरी देतो, राहण्याचं त्यांचं त्यांनी बघावं. शिवाय स्टेशनबाहेर झोपणाऱ्या एका म्हाताऱ्या बाबांबद्दलही तुम्ही विचारलंय. आणि शेवटी लिहिलंय, 'निवारा हा मूलभूत हक्क आहे असं वाचलं, मग तो मागायचा कसा?'

वाचलंत ते खरंच आहे. चमेली सिंग विरुद्ध उत्तर प्रदेश या १९९६च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने निवाऱ्याचा हक्क मूलभूत मानला आणि निवारा म्हणजे नुसतं छप्पर नव्हे, पुरेशी जागा, उजेड, हवा, पाणी, स्वच्छतेची सोय हेही त्यात धरलं. पण एवढं एक वाक्य घेऊन महापालिकेच्या आवक खिडकीवर गेलात तर बाबू अर्ज ठेवून घेईल आणि तो तिथेच राहील. मूलभूत हक्क मुख्यतः सरकारवर बजावायचा असतो. ठेकेदाराला घटनेचं जगण्याच्या हक्काचं कलम २१ दाखवून त्याच्यावर काही परिणाम होत नाही, त्याला मजूर कायद्याचं कलम दाखवावं लागतं. म्हणून असं प्रकरण आलं की माझा पहिला प्रश्न असतो : ही माणसं काम कुणाचं करतात?

तुमच्या कुटुंबांना काम आहे आणि काम देणारा समोर उभा आहे. मग त्यांच्यासाठी 'बेघर' म्हणून अर्ज करू नका. बेघर म्हणून केलात की महापालिकेच्या नजरेत ती अतिक्रमण करणारी माणसं ठरतात. बांधकाम मजूर म्हणून केलात की राहण्याची सोय न करणारा मालक कायद्याच्या कचाट्यात येतो. माणसं तीच, ताडपत्री तीच, पण नोटीस दुसऱ्याच दारात जाते.

आता कलम. इमारत व इतर बांधकाम कामगारांच्या १९९६च्या कायद्यात कलम ३४ अगदी स्वच्छ होतं : काम चालू असेपर्यंत मालकाने सगळ्या मजुरांना कामाच्या जागेवर किंवा शक्य तितकी जवळ तात्पुरती राहण्याची जागा द्यायची, तीही फुकट, आणि स्वयंपाक, आंघोळ, धुणं आणि संडास यांची वेगळी सोय करून. 'होतं' म्हणतो, कारण २१ नोव्हेंबर २०२५ पासून चार श्रम संहिता लागू झाल्या आणि तो कायदा व्यावसायिक सुरक्षा, आरोग्य व कार्यस्थिती संहितेत गेला. संहितेच्या कलम २४ मध्ये मजुरांच्या फुकट तात्पुरत्या निवाऱ्याची गोष्ट आहे, पण ती सरकारने नियम करून आणायची अशा भाषेत. मला हा बदल पसंत नाही. आधी कायदा थेट मालकाला 'दे' म्हणत होता, आता तो सरकारला 'नियम कर' म्हणतो. ठेकेदाराचा वकील याच फटीत बोट घालणार. त्यावर उत्तर असं की जुन्या कायद्याखालचे नियम, नव्याशी विसंगत नसतील तेवढे, संहितेच्या कलम १४३ ने चालू ठेवले आहेत. म्हणून अर्जात जुनं आणि नवं दोन्ही लिहा. एकच लिहून कोंडीत सापडू नका.

संहितेतली एक गोष्ट मात्र आपल्या कामाची आहे. काम ठेकेदारामार्फत चालत असेल तर निवाऱ्याचा खर्च मूळ मालकाने ठेकेदाराला द्यावा, अशा नियमाचीही त्याच कलमात तजवीज आहे. 'बिल्डरनं रेटच तेवढा दिलाय, खोल्या कुठून बांधू' हे रडगाणं तुम्हीही ऐकलं असेल. ते त्याला लेखी द्यायला सांगा. दिलं तर बिल्डरला पत्र लिहायला तुमच्या हातात कागद आला.

बिल्डर कोण हे शोधायला फार धावपळ नको. पाचशे चौरस मीटरपेक्षा मोठ्या भूखंडावरच्या आणि आठपेक्षा जास्त सदनिकांच्या प्रकल्पाला महारेराची, म्हणजे राज्याच्या गृहनिर्माण नियामकाची, नोंदणी लागते. साइटवरच्या फलकावर तो नंबर असतो, त्यावरून प्रवर्तकाचं नाव-पत्ता संकेतस्थळावर दिसतो. सरकारी काम असेल तर आणखी सोपं. कामाची निविदा मागवून बघा, मजुरांच्या राहण्याची अट बहुतेक वेळा त्यात लिहिलेली असते आणि ठेकेदाराने त्यावर सही केलेली असते.

एक अडचण येईल, ती आधीच सांगतो. संहिता लागू व्हायला साधारण दहा मजूर लागतात. ठेकेदार म्हणेल, माझ्याकडे आठच आहेत, ही बघा हजेरीची वही. वही नीट बघा. आपल्याकडे कामं 'जोडी'वर दिली जातात. वहीत नवऱ्याचं नाव असतं आणि पुढे '+१' लिहिलेलं असतं. तो '+१' म्हणजे त्याची बायको, दिवसभर डोक्यावर घमेलं वाहणारी, आणि कायद्याच्या हिशोबात ती पुरती एक कामगार. वहीच्या त्या पानाचा फोटो काढून घ्या. आठ नावांमागे सोळा माणसं निघतात, असं मी पुन्हा पुन्हा पाहिलंय. हेच पान पुढे मजुरीच्या वादातही कामाला येतं.

ही कुटुंबं दुसऱ्या राज्यातली असल्यामुळे आणखी एक वाट आहे. आंतरराज्य स्थलांतरित कामगारांच्या १९७९च्या कायद्यात पाच मजुरांपासून पुढे कंत्राटदारावर राहण्याच्या योग्य सोयीची जबाबदारी होती. संहितेने हा आकडा दहावर नेला, पण महिना अठरा हजारांपर्यंत कमावणारे आणि मुकादमाशिवाय आपले आपण आलेले मजूरही व्याख्येत घेतले. गावी जाण्या-येण्याच्या प्रवासखर्चाची तरतूदही ठेवली आहे. जुना कायदा चाळीस वर्षं पुस्तकात होता. ८ मे २०२० रोजी जालन्याच्या पोलाद कारखान्यातले सोळा मजूर करमाडजवळ रुळांवर झोपेत मालगाडीखाली गेले. मध्य प्रदेशला जाणारी गाडी मिळेल म्हणून ते चालत आपल्या भुसावळकडेच निघाले होते. तो कायदा त्या दिवशीही लागू होता. म्हणून कायदा आहे एवढ्यावर हायसं वाटून घेऊ नका. तो कुणीतरी तारीखवार कागदावर मागावा लागतो.

आता 'परवापर्यंत उचला'चं बघू. तोंडी हुकमाला कायद्यात वजन नाही, पण ट्रॅक्टर आणि जेसीबी तोंडी हुकमावरही येतात. म्हणून नेमकं काय मागता येतं हे माहीत हवं.

ओल्गा टेलिसचा १९८५चा निकाल सगळ्यांना पाठ असतो, पण अर्धाच. मुंबईच्या पदपथावर राहणाऱ्यांची रोजीरोटी हा जगण्याच्या हक्काचा भाग आहे हे न्यायालयाने मान्य केलं, तसंच पदपथ अडवून राहण्याचा हक्क कुणाला नाही असंही त्याच निकालात सांगितलं. दिलासा मिळाला तो असा : पावसाळा होऊ द्या, ३१ ऑक्टोबरपर्यंत हात लावू नका, आणि १९७६च्या गणनेत ज्यांना ओळखपत्रं मिळाली त्यांना दुसरी जागा द्या.

मला स्वतःला १९९७चा अहमदाबाद महानगरपालिका विरुद्ध नवाबखान गुलाबखान हा निकाल जास्त उपयोगी वाटतो आणि आपल्याकडे तो फार कमी लोक वापरतात. अहमदाबादच्या महापालिकेने झोपड्या काढायला घेतल्या होत्या त्या १९४९च्या मुंबई प्रांतिक महानगरपालिका कायद्याच्या कलम २३१ खाली. गुजरात-महाराष्ट्र एक राज्य असतानाचा हा कायदा. आपल्याकडे तो नाव बदलून महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियम झाला आणि जळगाव, धुळे या दोन्ही महापालिका त्याच्याच आहेत. कलम २३१ नोटिशीशिवाय काढण्याची मुभा देतं. न्यायालयाने म्हटलं, मुभा असली तरी दहा दिवस ते दोन आठवड्यांची नोटीस द्या. मात्र अतिक्रमण अगदी ताजं असेल तर तेवढी पद्धत पाळायची गरज नाही, हेही त्याच निकालात आहे. म्हणून ही कुटुंबं तिथे कधीपासून आहेत याचा पुरावा आजच गोळा करा. लेकराच्या लसीकरण कार्डावरची तारीख, अंगणवाडीच्या रजिस्टरातलं नाव, कोपऱ्यावरच्या किराणावाल्याच्या उधारीची वही. आधार कार्डावर पत्ता बडवानीचा आहे म्हणून हातपाय गाळू नका. इथे लागतो तो तारखेचा पुरावा, पत्त्याचा नव्हे.

व्हॉट्सअॅपवर फिरणाऱ्या 'बुलडोझर निकाला'वर फार विसंबू नका. सर्वोच्च न्यायालयाच्या १३ नोव्हेंबर २०२४च्या त्या निकालात पंधरा दिवसांच्या नोटिशीचं बंधन आहे, पण रस्ता, पदपथ, रेल्वेमार्गालगतची जागा, नदी-नाला अशा सार्वजनिक जागांवरची अनधिकृत बांधकामं त्यातून वगळली आहेत. आपली बेघर माणसं बहुतेक तिथेच असतात. तुमचा भूखंड खासगी असेल आणि बिल्डरच्या सांगण्यावरून मजूर तिथे उतरले असतील तर गोष्ट वेगळी. भूखंड कुणाच्या नावावर आहे ते सातबारा किंवा मिळकत पत्रिकेवर आधी बघून घ्या.

अर्ज लांबलचक नको. मी साधारण असा करतो :

'आम्ही खालील सह्या-अंगठे करणारे बांधकाम मजूर अमुक तारखेपासून अमुक प्रकल्पावर अमुक ठेकेदाराकडे काम करतो. आम्हाला राहण्याची, पाण्याची व संडासाची सोय मालकाने दिलेली नाही. ती कायद्याने देणे मालकावर बंधनकारक आहे. जागेची पाहणी करून मालकास लेखी आदेश द्यावा व सोय होईपर्यंत महानगरपालिकेने आम्हाला हटवू नये, ही विनंती. सोबत : फोटो, हजेरीच्या वहीची प्रत, मजुरांची व मुलांची यादी.'

हा जातो सहायक कामगार आयुक्तांकडे. प्रत महापालिका आयुक्तांना आणि जिल्हाधिकाऱ्यांना. तिन्ही ठिकाणी पोच घ्या, आवक क्रमांक आणि शिक्क्यासकट. बिनशिक्क्याचा अर्ज म्हणजे न केलेला अर्ज. महापालिकेच्या प्रतीवर एक ओळ वाढवा : बांधकाम परवानगी आपण दिली आहे, तर मजुरांच्या सोयीबाबत नोटीस परवानगीधारकाला द्यावी. अधिकारी वैतागतात, पण ही ओळ त्यांनाही सोयीची असते. चार ताडपत्र्या उचलण्यापेक्षा एका बिल्डरला पत्र पाठवणं त्यांना हलकं जातं.

वकील लागला तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा, तिथे फी लागत नाही. १५१०० वर फोन केला तरी चालतो. तिथला अर्ज एखाद्या बाईच्या नावाने करा. विधी सेवा प्राधिकरण अधिनियमाच्या कलम १२ खाली स्त्रीला उत्पन्नाची अट नाही. अनुसूचित जमातीलाही नाही, पण मध्य प्रदेशचा जमातीचा दाखला इथे चालतो की नाही या घोळात दोन आठवडे जातात. प्रकरण उच्च न्यायालयात न्यायचं ठरलं तर आपलं खंडपीठ छत्रपती संभाजीनगरला आहे. पण तिथवर जायची वेळ येण्याआधीच बरंचसं निस्तरतं.

आणि हे कटाक्षाने पाळा. अर्ज करण्याआधी मजुरीचा हिशोब लिहून घ्या. किती दिवस भरले, उचल किती घेतली, बाकी किती. अर्जाची कुणकुण लागली की ठेकेदार पहिली गोष्ट करतो ती म्हणजे काम बंद आणि पैसे बंद. त्यामुळे मजुरांना विचारल्याशिवाय त्यांच्या वतीने लढाई सुरू करू नका. त्यांना राहायला खोली हवी असते हे खरं, पण होळीला घरी नेण्यासाठी पैसे त्याहून जास्त हवे असतात, आणि होळीआधीचा भोंगऱ्याचा बाजार चुकवायला कुणी तयार नसतो. शक्य तर कामगार आयुक्तांकडचा अर्ज संस्थेच्या नावाने करा, मजुरांची यादी मागे जोडा. ठेकेदार 'उचल फिटल्याशिवाय हलायचं नाही' म्हणाला तर मात्र ते प्रकरण निवाऱ्याचं राहत नाही. १९७६च्या वेठबिगार निर्मूलन कायद्याखाली सरळ प्रांताकडे किंवा जिल्हाधिकाऱ्यांकडे जा आणि 'उचल' हा आकडा अर्जात ठळक लिहा.

आपल्याकडे लोक येतात तसे आपले लोक जातातही. दिवाळी झाली की साक्री, नवापूर, तळोदा, धडगाव, इकडे चाळीसगावकडूनही गाड्या भरून ऊसतोडीचे कोयते निघतात, कुणी बारडोलीकडे, कुणी पश्चिम महाराष्ट्रात. तिथे पाचटाची कोपी, ताडपत्री, आणि पाणी कॅनॉलचं. कारखाना म्हणतो मजूर मुकादमाचे, मुकादम म्हणतो मी नुसता मधला. या जबाबदारीच्या वादावर वेगळं लिहावं लागेल, इतका तो मोठा आहे. इथे फक्त गावाकडच्या घराबद्दल सांगतो, कारण ते हातचं जातं आणि कुणाच्या लक्षात येत नाही. घरकुलाचा सर्व्हे झाला तेव्हा कुटुंब ऊसतोडीला गेलेलं असतं. दाराला कुलूप. यादीत शेरा पडतो, 'गावी राहत नाही'. मार्चअखेर परत आलेली बाई विचारते, 'आते काय करानं, भाऊ?' करायचं एवढंच की निघण्याआधी ग्रामसेवकाकडे लेखी अर्ज देऊन ठेवायचा, आम्ही हंगामापुरते बाहेर जातो, घर इथलंच, सर्व्हेत नाव घ्यावं. परत आल्यावर ग्रामसभेत तो विषय मांडायचा आणि ठरावात आणायचा. शबरी घरकुल असो की पंतप्रधान आवास, कागद निघण्याआधी दिलेला असेल तर तुमचं म्हणणं वर टिकतं.

आता स्टेशनबाहेरचे बाबा. त्यांना मालक नाही, म्हणून इथे जबाबदारी सरळ महापालिकेची. राष्ट्रीय नागरी उपजीविका अभियान २०१३ मध्ये आलं, त्यात शहरी बेघरांच्या निवाऱ्याचा निकष आहे : लाख लोकसंख्येमागे शंभर माणसांची कायमची सोय, माणशी किमान पन्नास चौरस फूट, आणि जागा शक्यतो स्टेशन, बसस्थानक, बाजार अशा ठिकाणांजवळ. २०११च्या जनगणनेत जळगाव साडेचार लाखांच्या वर होतं, धुळं पावणेचार लाखांच्या आसपास. हिशोब तुम्हीच करा : जळगावला साडेचारशेच्या वर जागा हव्यात, धुळ्याला पावणेचारशे. माहितीच्या अधिकारात तीन ओळींचा अर्ज टाका. निवारे कुठे आहेत, क्षमता किती, गेल्या वर्षी दर महिन्याला किती माणसं राहिली. पैसे येऊनही निवारे का उभे राहत नाहीत, हे बघायला सर्वोच्च न्यायालयाने २०१६ मध्ये न्या. कैलाश गंभीर यांची समिती नेमली होती, म्हणजे हा प्रश्न एकट्या जळगावचा नाही. अभियानाची नावं आणि टप्पे बदलत राहतात, 'ती योजना संपली' हे उत्तर ऐकून परत येऊ नका. जगण्याचा हक्क योजनेबरोबर संपत नाही, आणि घटनेचं कलम २१ खरं कामाला येतं ते इथे.

निवारा म्हटलं की लोकांना डिसेंबरचं घोंगडं आठवतं. खानदेशात ते अर्धंच खरं. आपल्याकडे एप्रिल-मे महिन्यात पारा पंचेचाळीसच्या पुढे जातो. दुपारी बारा ते पाच स्टेशनबाहेरचा डांबरी रस्ताही थंडीसारखाच जिवावर बेततो. निवारा रात्री आठ ते सकाळी सहा उघडा ठेवून उपयोग नाही, तो दिवसाही उघडा हवा, ही मागणी अर्जात घाला.

बाबांना पोलिसांनी उचललं तर? महाराष्ट्रात १९५९चा भीक प्रतिबंधक कायदा अजून आहे. त्यात उदरनिर्वाहाचं उघड साधन नसताना, भिकेवर जगत असावा असं वाटण्याजोगा सार्वजनिक जागी फिरणारा माणूसही 'भीक मागणारा' ठरू शकतो. दिल्ली उच्च न्यायालयाने २०१८ मध्ये यातली बरीच कलमं रद्द केली, पण ती दिल्लीपुरती. तेव्हा बाबांना ओळखणारा चहावाला, हमाल, हॉटेलवाला असा एखादा माणूस तयार ठेवा, जो न्यायालयात येऊन सांगेल की हे पडेल ते काम करतात. मन ठिकाणावर नसलेला माणूस असेल तर मानसिक आरोग्य सेवा कायदा, २०१७ लागतो. पोलिसांनी त्याला कोठडीत नव्हे, दवाखान्यात न्यायचं असतं.

ओळखीचा कागद नाही ही अडचण वाटते तेवढी मोठी नाही. बेघर माणसाचंही नाव मतदारयादीत लागतं. पत्त्याचा पुरावा नसेल तर नमुना ६ मध्ये तो झोपतो ती जागा लिहायची, आणि मतदान केंद्रस्तरीय अधिकाऱ्याने रात्री तिथे जाऊन, तेही एकापेक्षा जास्त रात्री, तो खरंच तिथे झोपतो का हे बघायचं, असे निवडणूक आयोगाचे निर्देश आहेत. अधिकाऱ्याला हे माहीत नसतं. निर्देशाची प्रत सोबत न्या. मतदार ओळखपत्र हातात आलं की रेशनकार्ड आणि श्रावणबाळचा अर्ज करताना दारातूनच परत फिरावं लागत नाही.

शेवटचा मुद्दा तुमच्या प्रश्नात एका ओळीत होता : दोन कुटुंबं सुप्रीम कॉलनीकडे भाड्याने खोली बघताहेत, घरमालक करार करायला तयार नाही. नसू दे. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियमाच्या कलम ५५ प्रमाणे करार लेखी करून नोंदवण्याची जबाबदारी घरमालकाची आहे. तो नोंदवला नसेल तर अटींबाबत भाडेकरू सांगेल ते खरं धरतात, उलट सिद्ध होईपर्यंत. वीज-पाणी तोडून बाहेर काढायला कलम २९ ची मनाई आहे. फक्त भाडं रोख देऊ नका. फोनवरून पाठवा आणि संदेशाच्या रकान्यात 'खोली भाडं' आणि महिना लिहा. अनामत दिली असेल तर तीही तशीच, वेगळ्या नोंदीने.